क्लेअर कीगन वाचताना: कुणी किती दिलं, कुणी बोलून दाखवलं

आयरिश लेखिका क्लेअर कीगनची सगळी पुस्तकं एका जाडजूड कादंबरीत मावतील. त्यामुळे ‘आज इतकी पानं झाली’ अशी नोंद ठेवण्यात काही अर्थ नाही; ‘फॉस्टर’ तर एका बैठकीत संपतं. म्हणून या फेरीत पानांचा हिशेब सोडला आणि तिच्या पात्रांच्या पैशांचा ठेवायला घेतला. वहीत दोनच रकाने: कुणी कुणाला काय दिलं, आणि दिल्यावर ते बोलून दाखवलं का. हा उद्योग सुचला तो चेरींमुळे. त्यांच्याकडे येतोच.

सुरुवात ‘फॉस्टर’पासून. २००९मध्ये या कथेला डेव्ही बर्न्स हा आयर्लंडमधला कथा-पुरस्कार मिळाला आणि २०१०मध्ये तिचं स्वतंत्र पुस्तक आलं. काळ १९८१चा उन्हाळा. एका मोठ्या कुटुंबातली मुलगी, आईचं पुढचं बाळंतपण होईपर्यंत, आयर्लंडच्या वेक्सफर्ड परगण्यातल्या किन्सेला नवरा-बायकोकडे राहायला येते. बापाची ओळख पहिल्याच पानावर होते, आणि तीही हिशेबातून: यानं पत्त्यांच्या डावात एक गाय घालवली आहे. मुलीला सोडून निघताना तिची बॅग गाडीतच राहते. त्याआधीचा एक प्रसंग मी पुनःपुन्हा वाचतोय. मिसेस किन्सेला त्याला घरी न्यायला रुबार्ब या आंबट भाजीच्या दांड्या देते. मोळी सैल, एक दांडी खाली पडते, मग आणखी एक. तो उभाच. बाईनं उचलून द्याव्यात याची वाट बघतोय, आणि बाई त्यानं उचलाव्यात याची. शेवटी वाकतो तो किन्सेला. घेणारा कोण, देणारा कोण आणि देऊन वर वाकणारा कोण, सगळं तिथेच उरकलं. दुसरा कुणी असता तर बापाच्या स्वभावावर पानभर लिहिलं असतं.

पुढे गोरी गावात खरेदीला गेल्यावर किन्सेला पोरीच्या हातात एक पौंडाची नोट ठेवतो. बायको म्हणते, एवढे कशाला, आणि तो म्हणतो की पोर आहे कशासाठी, लाडासाठीच ना. दुसऱ्या रकान्यात शून्य. पहिल्या रात्री मुलगी अंथरूण ओलं करते तेव्हाही तसंच: बाई दोष गादीवर ढकलून मोकळी होते. जुन्या गाद्या, त्यांना पाझर फुटतोच. मुलीची लाज राखणं हेही देणंच, म्हणून तेही वहीत चढवलं. (यावरचा ‘द क्वायट गर्ल’ हा चित्रपट आयरिश भाषेत आहे, मूळ पुस्तक इंग्रजीत. ऑस्करच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट गटात नामांकन मिळालेला तो आयरिश भाषेतला पहिला चित्रपट. जरूर बघा, पण पुस्तकानंतर.)

‘स्मॉल थिंग्ज लाइक दीज’ तर हिशेबानं ठासून भरलेलं आहे, कारण नायकच कोळसा-लाकडाचा व्यापारी. न्यू रॉस गाव, साल १९८५, नाताळ तोंडावर, गावात कामधंद्याची मारामार. बिल फर्लाँगला पाच मुली. रस्त्यात काटक्या गोळा करणारं एक पोर दिसतं, तो गाडी थांबवतो आणि खिशातले सुटे पैसे त्याला देतो. घरी बायको आयलीन कुरकुरते, त्याचा बाप पितो म्हणून. आयलीनला वाईट ठरवायची घाई वाचकाला होते, कीगनला होत नाही. पाच पोरी पदरात असलेल्या घरात दर आठवड्याला काय बाजूला पडतं हे आयलीनलाच ठाऊक आहे.

मग फर्लाँग कोळसा पोचवायला नन्सच्या मठात जातो आणि कोळशाच्या खोलीत कोंडलेली एक मुलगी त्याला सापडते. मठाची प्रमुख त्याला आत नेते, चहा देते, मुलींची चौकशी करते आणि जाताना नाताळचं पाकीट हातात ठेवते. पाकिटात पैसे. माझ्या वहीतली सगळ्यात जड नोंद हीच: इथे देणं म्हणजे तोंड बंद करणं. बोलून दाखवायची गरजच नाही, कारण गावातली मुलींची चांगली शाळा मठाच्या भिंतीला लागून आहे आणि फर्लाँगच्या धाकट्या मुलींना तिथेच प्रवेश हवा आहे. मॅग्डालेन लाँड्र्यांबद्दल, म्हणजे नन्सनी चालवलेल्या आणि ‘वाया गेलेल्या’ ठरवलेल्या मुली-बायकांना कोंडून राबवणाऱ्या धुलाईघरांबद्दल, कितीही अहवाल वाचले तरी गाव गप्प का बसलं ते या चहाच्या प्रसंगाइतकं स्वच्छ कळत नाही. त्यातली शेवटची लाँड्री १९९६मध्ये बंद झाली आणि सरकारनं माफी मागितली २०१३मध्ये. कादंबरीच्या सुरुवातीला आयर्लंडच्या १९१६च्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यातला उतारा आहे, देशातल्या सगळ्या लेकरांना सारख्याच मायेनं वागवण्याच्या वचनाचा. तो वगळून पुढे जाऊ नका.

फर्लाँगच्या जमेच्या बाजूला मिसेस विल्सन. त्याची कुमारी आई तिच्याकडे कामाला होती, आणि बाईनं तिला हाकललं नाही. लहानपणी एका नाताळला त्याला हवं होतं जिगसॉ पझल. मिळाला नखांचा ब्रश, साबण, मिसेस विल्सनकडून डिकन्सचं पुस्तक आणि गडी नेडकडून गरम पाण्याची पिशवी. त्या पिशवीपुढे मी पेन्सिलीनं एक खूण केली आहे. पुस्तक संपवलेल्यांना कारण कळेल.

आता चेरी. ‘सो लेट इन द डे’ मधला कॅथल डब्लिनच्या ऑफिसात काम करतो. त्याची मैत्रीण सबीन त्याच्याकडे येते, राबून स्वयंपाक करते. एकदा दुकानात तिच्याकडे पाकीट नसतं, चेरीचे पैसे याला द्यावे लागतात, आणि ते त्याच्या तोंडून निघतं. रक्कम फुटकळ. पुढे साखरपुड्याची अंगठी बोटाच्या मापाची करून घेताना लागलेल्या पैशांवरून तेच, वर कराचा उल्लेख. कीगन तिथेच थांबली असती तर ही एका चिक्कू माणसाची गोष्ट झाली असती. पण ती त्याच्या लहानपणात शिरते: आई सगळ्यांना पॅनकेक करून वाढते, शेवटी स्वतःची ताटली घेऊन बसायला जाते, भाऊ मागून खुर्ची ओढतो, आई पडते, आणि बाप हसतो. बाईनं दिलेलं फुकटच असतं हे त्या टेबलावर शिकवलं गेलं. फ्रेंचमध्ये पुस्तकाचं नावच ‘मिझोजिनी’, म्हणजे स्त्रीद्वेष, ठेवलंय. मला ते फार उघडं वाटतं.

‘वॉक द ब्लू फील्ड्स’ हा कथासंग्रह माझा अजून अर्धवट वाचून झाला आहे. त्यातल्या ‘द फॉरेस्टर्स डॉटर’ मधल्या डीगनला घराच्या कर्जाच्या हप्त्यांपलीकडे काही दिसत नाही. तो मुलीला वाढदिवसाला कुत्रा देतो, पण तो रानात सापडलेला, म्हणजे दमडीही न मोजता. मुलीला वाटतं, बापाचं आपल्यावर प्रेम आहे. ही नोंद कुठल्या रकान्यात टाकायची ते ठरत नाहीये, पानाच्या मधोमध लिहून ठेवली आहे. ‘अंटार्क्टिका’ या संग्रहाची शीर्षककथाही वाचून झाली: सुखी संसारातली बाई परक्या पुरुषाकडे जाते, तो तिच्यासाठी रांधतो, तिला न्हाऊ घालतो, कोडकौतुक करतो. इतकं आयतं मिळताना बघून पोटात गोळा यायला लागला. नव्यानं कीगन धरणाऱ्यांनी या कथेनं सुरुवात करू नये, नाहीतर पुढचं प्रत्येक घर संशयानं वाचाल.

यानंतर ‘द पार्टिंग गिफ्ट’. मुलगी अमेरिकेला निघाली आहे आणि सगळी कथा ‘तू’ म्हणून सांगितलेली. ज्यांची वाचून झाली असेल त्यांनी शेवट न फोडता सांगा, बापाच्या नावावर तुम्ही काय मांडलंत?