डब्लिन, पण फक्त १९२६ चं

डब्लिनला साहित्यासाठी जायचं म्हटलं की सगळे 'युलिसिस'वाल्या जेम्स जॉइसच्या मागे लागतात. तो तर १९२६ मध्ये पॅरिसलाच राहत होता. म्हणून मी दुसरंच केलं, १९२६ हे एकच वर्ष धरलं आणि त्या वर्षी या शहरात लिहिणारे लोक कशावरून भांडत होते तेवढंच बघत फिरले. हाच प्लॅन कोणाला करायचा असेल तर खालचं कामाला येईल, सगळं पायी होतं आणि बरंचसं फुकट.

आधी थोडं बॅकग्राउंड. आयरिश फ्री स्टेट, म्हणजे ब्रिटिशांपासून सुटलेला नवा आयर्लंड, डिसेंबर १९२२ चं, यादवी युद्ध १९२३ मध्ये संपलेलं, कवी येट्सला त्याच वर्षी नोबेल मिळालेलं आणि तो नव्या देशाच्या सिनेटमध्ये बसलेला. १९२५ मध्ये अर्थमंत्री ब्लाइदने येट्सच्या ॲबी थिएटरला ८५० पौंडांचं अनुदान दिलं, इंग्रजी बोलणाऱ्या जगातलं हे पहिलं सरकारी अनुदान घेणारं थिएटर. आता सरकारचा पैसा आला की 'आमच्या पैशावर आमचीच बदनामी' हे वाक्य कधीतरी येणारच, ते फेब्रुवारी १९२६ मध्ये आलं.

सुरुवात ॲबीपासूनच करा. लुआस ट्रामच्या रेड लाइनवर ॲबी स्ट्रीट स्टॉपला उतरलं की लगेच आहे. बाहेरून बिल्डिंग बघून निराश व्हाल, १९६६ ची आहे, राखाडी डबा. जुनं थिएटर जुलै १९५१ मध्ये जळालं, आणि त्या रात्री प्रयोग कुठला होता माहितीये? नाटककार शॉन ओकेसीचं 'द प्लाउ अँड द स्टार्स', ज्याच्या शेवटी खिडकीबाहेर डब्लिन जळत असतं. हेच नाटक १९२६ च्या भांडणाचं मूळ.

८ फेब्रुवारीला ओपनिंग झालं. तालमीतच कुरबुरी चालू होत्या, थिएटरच्या संचालक मंडळावर सरकारने नेमलेल्या माणसाला वेश्येचं पात्र आणि तिचं गाणं खटकत होतं, एका नटीने एक वाक्य बोलायला नकार दिला म्हणून तिची भूमिका दुसरीला दिली. विषय ब्रिटिशांविरुद्धच्या १९१६ च्या उठावाचा, ज्याला तेव्हा जेमतेम दहा वर्षं झाली होती, आणि ओकेसीने काय केलं तर दुसऱ्या अंकात उठावाच्या सैनिकांना झेंडे घेऊन दारूच्या गुत्त्यात आणलं. ११ तारखेला, गुरुवारी, लोक स्टेजवर चढले, नटांशी मारामारी झाली, पोलीस आले, येट्सने स्टेजवरून प्रेक्षकांना सुनावलं की तुम्ही पुन्हा एकदा स्वतःची लाज घालवलीत (पहिल्यांदा १९०७ ला, आयरिश नाटककार जे. एम. सिंगच्या नाटकाच्या वेळी). गोंधळात त्याचं कोणाला धड ऐकूच आलं नाही, पण असं सांगतात की भाषणाची कॉपी त्याने आधीच आयरिश टाइम्सच्या ऑफिसात देऊन ठेवली होती. पक्का माणूस!

ही गोष्ट सहसा येट्सच्या बाजूने सांगितली जाते, मला ते अर्धवट वाटतं. निषेधात पुढे होती हॅना शीही-स्केफिंग्टन. तिचा नवरा शांततावादी, १९१६ मध्ये लुटालूट थांबवायला रस्त्यावर उतरला होता, त्याला ब्रिटिश अधिकाऱ्याने पकडून खटल्याशिवाय गोळ्या घातल्या. तिला ते नाटक बघून काय वाटलं असेल याचा विचार करा. १ मार्चला तिचा आणि ओकेसीचा जाहीर वाद झाला, त्याच महिन्यात तो लंडनला गेला आणि परत आयर्लंडमध्ये राहायला कधी आलाच नाही. ग्लॅसनेव्हिनच्या दफनभूमीत हॅना आणि तिचा नवरा दोघं आहेत, जमलं तर जा.

ॲबीपासून पाच मिनिटांवर जीपीओ, म्हणजे मुख्य पोस्ट ऑफिस, उठावाचं मुख्य ठाणं. तिथून पंधरा-वीस मिनिटं चालत १४ हेन्रिएटा स्ट्रीट. एकच म्युझियम बघायला वेळ असेल तर हेच बघा, लिटरेचर म्युझियम नंतर. अठराव्या शतकातला श्रीमंतांचा वाडा, पुढे खोल्या पाडून भाड्याने दिला आणि १९११ मध्ये त्यात शंभर माणसं राहत होती. ओकेसी या घरातला नाही, पण त्याची पात्रं अशाच घरांतली, आणि गिरगावच्या चाळीत आयुष्य काढलेल्या माझ्या सासूबाईंना तिथला जिना आणि सामाईक नळ या गोष्टी गाइडने सांगायच्या आधीच कळल्या. फक्त गाइडेड टूर असते, जागा कमी, ऑनलाइन आधीच बुक करा.

मग नदी ओलांडून मेरियन स्क्वेअर. ८२ नंबरला येट्स राहायचा, ८४ ला कवी जॉर्ज रसेल बसून 'आयरिश स्टेट्समन' साप्ताहिक काढायचा. दोघं एकमेकांना भेटायला निघालेत, एक मान वर करून आणि एक खाली घालून, आणि रस्त्यात एकमेकांना न दिसताच पुढे गेलेत असं त्या काळचं एक कार्टून आहे, ते आधी बघून जा म्हणजे त्या फुटपाथवर मजा येते. घरं आतून बघता येत नाहीत, पाटीवर समाधान माना.

चौकातच नॅशनल गॅलरी, एंट्री फुकट, तिथे नाटककार बर्नार्ड शॉचा पुतळा. आपल्याला शॉ 'ती फुलराणी'मुळे घरचाच. त्याने आपल्या रॉयल्टीचा एक तृतीयांश हिस्सा या गॅलरीला ठेवला. १९२५ चं नोबेल त्याला जाहीर झालं १९२६ च्या नोव्हेंबरमध्ये, मान घेतला, पैसे स्वीडिश पुस्तकांच्या इंग्रजी भाषांतराला देऊन टाकले.

पलीकडे किल्डेअर स्ट्रीटला नॅशनल लायब्ररी, आणि तिला लागून संसदेचं लेन्स्टर हाउस. न्यायमंत्री ओहिगिन्सने 'वाईट साहित्या'चा विचार करायला समिती नेमली तीही फेब्रुवारी १९२६ मध्येच, दंगल झाली त्याच महिन्यात! त्यातून १९२९ चा सेन्सॉरशिप कायदा आला आणि पुढची कित्येक वर्षं बऱ्याच आयरिश लेखकांची पुस्तकं त्यांच्याच देशात बॅन. लायब्ररीचं रीडर्स तिकीट फुकट मिळतं, फोटो आयडी न्या, घुमटाखालची रीडिंग रूम आणि जुनी वर्तमानपत्रं, अर्धा दिवस सहज जातो.

आता कामाच्या गोष्टी. आयर्लंड शेंगेनमध्ये नाही, व्हिसा वेगळा काढावा लागतो. यूके जोडून करायचं असेल तर दोन्हीकडे चालणारी ब्रिटिश-आयरिश व्हिसा स्कीम भारतीयांना आहे, अटी एम्बसीच्या साइटवर नीट वाचा. एअरपोर्टला ट्रेन नाही, साधी १६ किंवा ४१ नंबरची बस घ्या, लीप कार्ड (बस-ट्रामचं प्रीपेड कार्ड) चालतं. छत्री वाऱ्यात उलटी होते, टोपीवालं जॅकेट बरं. शाकाहारी असाल तर जेवायला विकलो स्ट्रीटवरचं कॉर्न्युकोपिया. आणि ॲबीचं वेळापत्रक बघूनच विमानाचं तिकीट काढा, ओकेसीचं नाटक लागलेलं असेल तर तारखा त्याप्रमाणे हलवा, जाण्याआधी स्क्रिप्ट वाचून घ्या, कारण डब्लिनच्या गल्लीतलं इंग्रजी पहिल्या अंकात तरी डोक्यावरून जातं.