जामीन होऊनही सहा महिने आत

"ताई, तुमच्याकडे रेशनकार्ड आहे का हो?"

आमच्याकडे स्वयंपाकाला येणाऱ्या मावशींनी एका सकाळी कणीक मळता मळता हे विचारलं. मला वाटलं धान्याचं किंवा गॅसचं काहीतरी काम असेल, म्हटलं आहे की, कशाला हवंय? त्यावर त्या रडायलाच लागल्या. तेव्हा कळलं की त्यांचा धाकटा, बावीस वर्षांचा पोरगा, सात महिन्यांपासून जेलमध्ये आहे. सात महिने ही बाई रोज माझ्या घरात पोळ्या लाटत होती आणि मला पत्ता नाही. मंगळवारी त्यांना उशीर व्हायचा आणि मी एकदा त्यावरून बोलले होते, बरंच बोलले होते, ते आठवलं की अजून पोटात कालवतं, कारण मंगळवारी त्या सकाळीच जेलच्या गेटवर मुलाखतीसाठी नंबर लावायच्या, काचेपलीकडच्या पोराशी फोनवर पाच-दहा मिनिटं बोलायच्या आणि दोन बस बदलून तशाच माझ्याकडे यायच्या.

गुन्हा चोरीचा. एका गोडाऊनमध्ये कामाला होता, तिथून तांब्याच्या वायरी गेल्या, पोलिसांनी चौघांना उचललं त्यात हा. त्याने केलं की नाही मला माहीत नाही, ते कोर्ट ठरवेल आणि कोर्टाने अजून काही ठरवलेलं नाही. पण त्याला जामीन मिळाला होता हो! अटकेनंतर सव्वा महिन्यातच मिळाला होता. पंधरा हजारांचा मुचलका (म्हणजे तारखेला आलो नाही तर एवढे पैसे भरेन असं आरोपीने लिहून द्यायचं) आणि तेवढ्याच रकमेचा एक ऐपतदार जामीनदार, अशी ऑर्डर. म्हणजे ह्याला आत ठेवायची गरज नाही असं खुद्द न्यायाधीशांनी लिहून दिलं होतं, आणि तरी पोरगा पुढचे सहा महिने आतच, का तर जामीनदार मिळेना.

जामीनदार लागतो म्हणजे काय लागतं हे मलाही तेव्हाच कळलं. नुसता ओळखीचा माणूस चालत नाही, त्याची ऐपत कागदावर दिसली पाहिजे. रेशनकार्ड, आधार, घराची टॅक्स पावती किंवा पगाराच्या स्लिपा, नाहीतर तहसीलचा ऐपतीचा दाखला. आता मावशी राहतात भाड्याच्या खोलीत, शेजारीपाजारी पण सगळे भाड्याचे, नवरा वारलेला, मोठा मुलगा रोजंदारीवर, त्याला कुठली सॅलरी स्लिप. घरमालकाने सरळ हात वर केले. कोर्टाच्या आवारात पैसे घेऊन जामीनदार राहणारी माणसं फिरत असतात, त्यातल्या एकाने ॲडव्हान्स घेतला आणि परत दिसलाच नाही.

आणि मावशींचा सख्खा भाऊ आला होता हो गावाहून. रात्रभर एसटीने प्रवास करून, स्वतःच्या नावावरच्या दीड एकराचा सातबारा प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून. त्याला कोर्टात सांगितलं बाहेरच्या जिल्ह्याचा चालणार नाही, लोकल आणा. तो माणूस तसाच परत गेला.

हे ऐकल्यावर मी रात्री बसून वाचायला लागले, कारण मला खरंच वाटेना की कायदा असा असेल. आणि जे सापडलं त्याने जास्तच संताप झाला. १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टात मोती राम नावाच्या गवंड्याची केस आली होती, मध्य प्रदेशातली. त्यालाही जामीन मिळालेला, पण मॅजिस्ट्रेटने दहा हजारांचा जामीनदार मागितला आणि मोती रामच्या भावाला नाकारलं, का तर भाऊ आणि त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात. सेम टू सेम. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी तेव्हाच सांगितलं की हे चालणार नाही आणि त्या गवंड्याला त्याच्या स्वतःच्या एक हजाराच्या मुचलक्यावर सोडायला लावलं. पुढच्याच वर्षी, १९७९ ला, हुसैनारा खातून केसमध्ये बिहारच्या तुरुंगांमधली अशी माणसं समोर आली की ज्यांच्या गुन्ह्याला जास्तीत जास्त जेवढी शिक्षा होऊ शकते त्यापेक्षा जास्त काळ ती खटल्याशिवाय आत होती. मग जानेवारी २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने परत सांगितलं की लोकल जामीनदाराचा आग्रह धरू नये, जामीन होऊन सात दिवसांत माणूस सुटला नाही तर जेलच्या अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाला (गरिबांना फुकट वकील देणारं सरकारी ऑफिस) कळवायचं, आणि महिनाभरात जामीनदार उभा राहिला नाही तर अट सैल करता येईल का हे कोर्टाने आपणहून बघायचं. आमचा पोरगा त्याच २०२३ च्या पावसाळ्यात आत गेला. मधे ४५ वर्षं गेली आणि एक मामा तोच कागद घेऊन तशाच दारातून परत गेला, आता ह्याला काय म्हणायचं.

मी जामीनदार राहते म्हटल्यावर नवरा म्हणाला नीट विचार कर, उद्या तो पळाला तर? माझ्या आईने तर फोनवरच रडारड केली, कोर्टकचेरीत आपलं नाव कशाला म्हणून. मला पण भीती वाटत होती, वाटत नव्हती असं नाही. पण मी पगारदार, फ्लॅट आमच्या नावावर, माझ्याकडे ते सगळे कागद होते आणि ते कपाटात नुसते पडून होते.

कोर्टात अर्धा दिवस गेला. विधी सेवावाले वकील भले माणूस होते, त्यांच्याकडे एवढ्या फायली होत्या की दर वेळी नाव विचारूनच सुरुवात करायचे. न्यायाधीश साहेबांनी मला दोनच प्रश्न विचारले, आरोपीला कसं ओळखता आणि तो तारखेला आला नाही तर पैसे भराल का. मी हो म्हटलं. मग क्लार्कने माझ्या रेशनकार्डाच्या मागे केस नंबर लिहून शिक्का मारला. झालं. सहा महिने जे अडलं होतं ते एवढंच होतं, एक शिक्का.

तरी त्या दिवशी सुटला नाहीच. कागद जेलवर पोचेपर्यंत संध्याकाळची बंदी झाली होती, म्हणजे कैद्यांना बराकीत बंद करून झालं होतं, आणि एकदा बंदी झाली की सुटका दुसऱ्या दिवशी. मुंबईला आर्थर रोड जेलच्या बाहेर जामिनाच्या कागदांसाठी पेटी असते, ती ठरलेल्या वेळी उघडतात. २०२१ मध्ये एका फिल्मस्टारच्या मुलाचे कागद संध्याकाळी साडेपाचच्या आत पोचले नाहीत म्हणून त्याला एक रात्र जास्त काढावी लागली होती. ती एक रात्र सगळ्या देशाने टीव्हीवर बघितली. जास्तीची रात्र ती जास्तीचीच, कोणाचीही असो, पण मग आमच्या पोराच्या तशा रात्री मोजल्या तर पावणेदोनशे होतात.

आत कसं होतं ते त्याने नंतर हळूहळू सांगितलं, एकदम नाही. बराकीत इतकी माणसं की झोपायचं ते एका कुशीवर, एकाने कूस बदलली की अख्ख्या रांगेने बदलायची. नवीन आलेल्याची जागा संडासाजवळ. पहिल्याच दिवशी जात विचारली आणि त्यावरून झाडायचं काम कोणाला ते ठरलं. (ऑक्टोबर २०२४ मध्ये सुप्रीम कोर्टाने जेलमधली जातीवरून कामं वाटायची पद्धत घटनाबाह्य ठरवली, तोपर्यंत ती काही राज्यांच्या जेल मॅन्युअलमध्ये चक्क छापलेली होती, हे वाचून मी सुन्न झाले.) ज्याच्या घरून मनीऑर्डर येते त्याला कॅन्टीनचं साबण-बिस्कीट, ज्याची येत नाही तो दुसऱ्याचे कपडे धुतो. ह्याची आई माझ्याकडच्या पगारातून पाठवायची. माराबद्दल मी विचारलं नाही आणि तो बोलला नाही.

तुरुंगात सगळे गुन्हेगारच असतात असं आपण किती सहज धरून चालतो ना, मी पण धरलं होतंच. २०२२ च्या अखेरीस देशातल्या तुरुंगांची क्षमता होती ४,३६,२६६ आणि आत माणसं होती ५,७३,२२०. त्यातले ४,३४,३०२ कच्चे कैदी, म्हणजे ज्यांचा गुन्हा अजून सिद्ध झालेला नाही असे. जरा हे आकडे शेजारी ठेवून बघा, नुसत्या कच्च्या कैद्यांनीच जवळजवळ सगळी जेलं भरतात, शिक्षा झालेला एकही माणूस आत न ठेवता. मग कुशीवर झोपावं नाही लागणार तर काय. ह्यातले किती जण जामीन होऊन फक्त कागदासाठी बसलेत, हा विचार मला रात्री झोपू देत नाही.

आता कायदा थोडा बदललाय. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४७९ प्रमाणे पहिल्यांदाच गुन्ह्यात आलेल्याने कमाल शिक्षेचा एक तृतीयांश काळ आत काढला की त्याला मुचलक्यावर सोडायचं, जन्मठेप-फाशीचे गुन्हे सोडून आणि एकापेक्षा जास्त केसेस चालू नसतील तर, आणि तो अर्ज जेल अधीक्षकांनीच करायचा आहे. केंद्राची गरीब बंद्यांसाठी योजना पण आहे २०२३ पासून, कच्च्या कैद्याच्या जामिनाला पैशांची मदत मिळू शकते (सुरुवातीला ती ४०,००० रुपयांपर्यंत होती). तुमच्या घरी कामाला येणाऱ्या, बिल्डिंगच्या वॉचमनच्या, कोणाच्याही घरातलं कोणी असं अडकलं असेल तर त्यांना जिल्हा कोर्टातल्या विधी सेवा प्राधिकरणाच्या ऑफिसात घेऊन जा प्लीज, नुसता पत्ता देऊ नका, सोबत जा. एकट्या गेलेल्या बाईला उद्या या म्हणतात आणि तिचा खाडा होतो, हे मी डोळ्यांनी बघितलंय.

दुसऱ्या दिवशी आम्ही गेटवर होतो, मी आणि मावशी. दहा वाजून गेल्यावर तो छोट्या दारातून बाहेर आला, हातात एक पिशवी, पायात कोणाच्या तरी मोठ्या चपला. आईने मिठी मारली, त्याने मारली नाही, त्याला बहुतेक सुचलंच नाही. मग मी रिक्षा बघायला रस्त्यावर गेले आणि वळून बघते तर तो फुटपाथच्या कडेला उकिडवा बसलेला, हात गुडघ्यांवर, मान खाली. आत गिनतीला, म्हणजे कैदी मोजताना, तसं जोडीजोडीने बसवतात. गेटवरच्या शिपायाने कोणाला तरी हाक मारली होती, ती ऐकून हा बसला होता. मावशी त्याच्या दंडाला धरून म्हणत होत्या, "ऊठ रे बाळा, तुला नाही म्हटलं, ऊठ."

केस अजून चालू आहे. तो प्रत्येक तारखेला जातो, एकही चुकवली नाही, आणि जाऊन आला की मला मेसेज टाकतो, ताई हजर होतो. मामाने तो सातबारा इकडेच ठेवलाय, त्याच पिशवीत, मावशींच्या देवाच्या फळीवर. परत लागला तर म्हणून.