फोटोला बोलावं लागत नाही

खान्देशातल्या मॉडेलला पहिले पैसे मिळतात ते बहुतेक तीन ठिकाणी. जळगावच्या एखाद्या सराफी पेढीचं होर्डिंग, यूट्यूबवरचं अहिराणी गाणं, नाहीतर सुरतेतला साडी-कुर्तीचा कॅटलॉग. त्यातलं तिसरं काम सगळ्यांत नियमित. सुरतेच्या उधना-लिंबायत भागात कुणी ना कुणी नातेवाईक असतोच. मावशीकडे उतरायचं आणि दिवसभर कपडे बदलायचे. कॅटलॉगमध्ये वेगाला किंमत असते. पदर लागला, तीन पोझ, पुढची साडी. दिवसभरात जितक्या साड्या निघतील तितकं पुढचं बोलावणं लवकर येतं.

अशी वर्ष-दोन वर्षं गेली की मुंबईचे वेध लागतात. मॉडेलिंग ही अभिनयाची पहिली पायरी, असं घरचेही धरून चालतात. पायरी आहे खरी, पण शेजारच्या जिन्याची.

बाहेरून आलेल्या मॉडेल्सची नावं लगेच पुढे केली जातात. कतरिना कैफ हाँगकाँगमध्ये जन्मली, लंडनमध्ये मॉडेलिंग केलं, २००३ साली हिंदी पडद्यावर आली. जॅकलिन फर्नांडिस २००६ची मिस युनिव्हर्स श्रीलंका, २००९ साली पहिला हिंदी चित्रपट. नर्गिस फाखरी अमेरिकेतून आली, २०११ साली थेट नायिका. सगळं खरं. पण सुरुवातीच्या चित्रपटांत कतरिनाचा आवाज दुसऱ्यांनी दिला होता, आणि नर्गिसच्या पहिल्या चित्रपटातला आवाज डबिंग कलाकार मोना घोष शेट्टी यांचा होता. बेंगळुरूच्या दीपिका पदुकोणलाही २००७च्या पहिल्या हिंदी चित्रपटात त्यांनीच आवाज दिला. म्हणजे परक्या मॉडेलला सिनेमा चेहऱ्यावर घेऊ शकतो, कारण शूटिंग संपल्यावर आवाज घालायला त्याच्याकडे महिने असतात आणि पैसाही असतो.

रोजच्या मालिकेत ही सोय नाही. आज शूट झालेला सीन कधी आठवड्यात, बँक, म्हणजे आधी शूट करून ठेवलेले भाग, संपली असेल तर त्याहून आधी लागतो. अंगावर कपड्याला लावलेला छोटा लेपल माइक असतो आणि जे बोललात तेच घराघरात जातं. त्यामुळे लंडनच्या मुलीला जी सूट मिळाली ती चाळीसगावच्या मुलीला मिळत नाही. मुंबईला जायचा खरा खर्च जिभेवर करायचा असतो, आणि तो घरी बसून करता येतो.

आधी मराठी. रावेर-यावलकडच्या लेवा गणबोलीत ‘ळ’चा ‘य’ होतो: केळी ‘केयी’, डोळा ‘डोया’. ‘ण’ तर सगळ्या खान्देशात ‘न’कडे झुकतो: पानी, लोनी, कोन. बोलताना हे आपल्याला ऐकूच येत नाही, पण कास्टिंगवाल्याला पहिल्या ओळीत ऐकू येतं. फोनवर वर्तमानपत्राचा एक परिच्छेद रेकॉर्ड करा आणि लगेच न ऐकता दुसऱ्या दिवशी ऐका. लगेच ऐकलं तर कान मनातलं वाक्य ऐकतो, तोंडातलं नाही. शिरपूरच्या पाटलांच्या घरातली स्मिता पाटील सिनेमात येण्याआधी मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या वाचायची. बातम्या मोठ्याने वाचण्याइतका स्वस्त आणि चोख सराव दुसरा नाही.

मग हिंदी. इथे अडचण खान्देशी नसून अख्ख्या महाराष्ट्राची आहे. आपण ‘पैसा’ हा ‘पइसा’ आणि ‘और’ हे ‘अउर’ असं म्हणतो. हिंदीत है, मैं, कैसे, कौन, और यांतले स्वर एकसंध आणि उघडे असतात. ‘ज्ञान’ला आपण ‘द्न्यान’ म्हणतो, हिंदीत ते ‘ग्यान’. ‘जोर’ म्हणताना आपला ज दातांवर येतो, हिंदीत तो ‘ज़ोर’ असा घासून निघतो. एवढे चार-पाच आवाज सुधारले की हिंदी ऑडिशनमधला ‘मराठी टच’ निम्म्याहून कमी होतो. आणखी एक: हिंदीची स्क्रिप्ट अनेकदा रोमन अक्षरांत येते. देवनागरीत झरझर वाचणारा माणूस तिथे अडखळतो आणि समोरच्याला वाटतं पाठांतर कच्चं आहे. म्हणून आठवडाभर रोज दोन पानं रोमन हिंदी वाचायची सवय करा.

अहिराणी मात्र पुसून टाकू नका. ‘तुन्हं नाव काय शे?’ हे सहज म्हणता येणं हे कौशल्य आहे. इंट्रोमध्ये, म्हणजे ऑडिशनसोबतच्या ओळखीच्या व्हिडिओत, भाषा सांगताना मराठी, हिंदी, अहिराणी आणि सुरतमुळे येत असेल तर गुजराती, अशा चारही स्पष्ट सांगा. प्रमाण भाषा येत नाही म्हणून अहिराणी बोलणारा वेगळा, आणि दोन्ही येतात म्हणून हवी ती काढणारा वेगळा.

जिभेनंतर शरीर. मॉडेलची सवय असते थांबण्याची. क्लिकच्या क्षणी श्वास धरायचा, हनुवटी थोडी पुढे, मान लांब. हीच सवय सीनमध्ये कशी दिसते ते पाहायचं असेल तर स्वतःचा टेक आवाज बंद करून बघा. प्रत्येक वाक्याच्या शेवटी चेहरा गोठतो, डोळे किंचित मोठे होतात, ओठ मिटतात आणि पुढचं वाक्य यायची वाट बघतात. समोरचा बोलत असताना तर पूर्ण पुतळा. कारण साधं आहे: ऐकण्याचं काम फोटोत कधी करावं लागलेलं नसतं. उपाय असा की समोरच्याची ओळ पाठ करायची, स्वतःची नव्हे. त्याच्या कुठल्या शब्दावर तुम्हाला उत्तर सुचतं तो शब्द पक्का करायचा आणि श्वास तिथे घ्यायचा. श्वास चालू असला की चेहरा गोठत नाही.

दुसरी सवय लेन्सकडे बघण्याची. जाहिरातीत लेन्स म्हणजे गिऱ्हाईक. सीनमध्ये ती तिथे नाहीच. सेटवर तुम्हाला खालची खूण, म्हणजे मार्क, न बघता गाठायचा असतो, आपला लाइट घ्यायचा असतो, सजेशनच्या शॉटमध्ये, म्हणजे एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याचा चेहरा दाखवतात तेव्हा, समोरच्याच्या खांद्याआड जायचं नसतं, आणि ‘थोडं चीट करा’ म्हटलं की अंग कॅमेऱ्याकडे वळवून नजर मात्र जागेवर ठेवायची असते. मास्टरमध्ये, म्हणजे अख्खा सीन एकत्र दिसणाऱ्या शॉटमध्ये, चहाचा कप ज्या शब्दावर उचलला त्याच शब्दावर क्लोजअपमध्येही उचलायचा. यातलं मार्क आणि लाइट मॉडेलला लवकर जमतं. कप जमत नाही.

हे शिकायला मुंबईच गाठायला हवी असं नाही. राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी जळगाव केंद्रावर होते, जळगावच्या विद्यापीठाचा ‘युवारंग’ हा युवक महोत्सव दरवर्षी असतो. दोन महिने तालमीला बसलात, अगदी नोकराच्या भूमिकेत असलात, तरी समोरच्याचं ऐकायची सवय लागते. पूर्ण वेळ शिकायचं असेल तर पुण्यात ललित कला केंद्र, कलिन्याला मुंबई विद्यापीठाची अकॅडमी ऑफ थिएटर आर्ट्स, दिल्लीला एनएसडी, म्हणजे राष्ट्रीय नाट्य विद्यालय. ‘महिन्यात हिरो’ छाप शिबिरांबद्दल मी काही लिहीत नाही, जाहिरातच पुरेशी बोलते.

आता सेल्फ टेस्ट, म्हणजे स्वतःच रेकॉर्ड करून पाठवायची ऑडिशन, कारण पहिली चाळणी आता हीच असते आणि ती गावातूनच पाठवता येते. फोन आडवा, ट्रायपॉडवर, लेन्स डोळ्यांच्या उंचीला. मागे साधी भिंत. तिच्यापासून तीन-चार फूट पुढे उभे राहा, म्हणजे सावली पडत नाही. उजेड समोरून, खिडकीकडे तोंड करून. फ्रेम छातीपासून वर. समोरचा संवाद वाचणारा लेन्सच्या अगदी शेजारी उभा हवा. तो हात-दीड हात लांब गेला की तुमचा अर्धाच चेहरा दिसतो. आणि त्याने हळू बोलायचं, कारण माइक त्याच्याजवळ आहे, तुमच्याजवळ नाही. पांढरा शर्ट, बारीक पट्टे आणि मोठा लोगो टाळा.

आपल्याकडची खास अडचण आवाजाची. मे महिन्यात जळगाव-भुसावळला कूलरशिवाय बसवत नाही आणि कूलर चालू असेल तर संवाद त्याच्यात बुडतात. सकाळी सहा-सातला, पंखा-कूलर बंद करून चार टेक उरकून घ्या. नंतर घाम चेहऱ्यावर चकाकतो आणि मेकअपने तो झाकायला गेलात की आणखी वाईट दिसतं. सिमेंटच्या रिकाम्या खोलीत आवाज घुमतो. कॅमेऱ्याच्या मागच्या बाजूला दोन गोधड्या दोरीवर टाका, फरक लगेच कळेल. व्हिडिओ व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा पाठवला तर तो दाबला जाऊन चेहरा धुरकट होतो. डॉक्युमेंट म्हणून पाठवा किंवा ड्राइव्हची लिंक द्या, आणि ती लिंक दुसऱ्या फोनवर उघडते का बघा. परवानगी न दिलेली लिंक ही सगळ्यांत फुकट गेलेली ऑडिशन.

इंट्रो वेगळा असतो: नाव, वय, उंची, सध्या राहण्याचं गाव, भाषा, मग डावं-उजवं प्रोफाइल, हातांच्या दोन्ही बाजू आणि पूर्ण उंची. इथे लेन्सकडेच बघायचं. उंची दोन इंचांनी वाढवू नका. लुक टेस्टला समोरच्या कलाकाराशेजारी उभं केलं की सगळं उघडं पडतं. फोटोही तसेच हवेत. कॅटलॉगमधले घासूनपुसून गोरे केलेले फोटो कास्टिंगला निरुपयोगी, कारण दारात येणारा माणूस आणि फोटो जुळत नाहीत. क्लोज, मिड, फुल, दोन प्रोफाइल. मेकअप नाही, फिल्टर नाही, सावलीतल्या उजेडात फोनवर काढलेले चालतात.

मुंबईत कास्टिंगची बहुतेक ऑफिसं अंधेरी पश्चिमेला, वर्सोव्याच्या आराम नगरच्या पार्ट वन-पार्ट टूमध्ये आणि आजूबाजूला. भुसावळ-जळगावकडून आलात तर दादरला उतरून पश्चिम रेल्वेची लोकल; नंदुरबारकडून सुरतमार्गे आलात तर बोरिवलीच जवळ. अंधेरीहून वर्सोव्याला मेट्रो आहे. राहायला यारी रोड आणि चार बंगला सोयीचे पण महाग. मिरा रोडला स्वस्त पडतं आणि नायगावकडचे मालिकांचे सेटही तिथून जवळ. मराठी मालिकांचं शूटिंग ठाण्यात घोडबंदरला, मढला आणि मुंबईबाहेर सातारा, कोल्हापूर, नाशिकलाही चालतं. नाशिक तर आपल्या दारात. सगळं सामान घेऊन अंधेरीला जाण्याआधी हे लक्षात घ्या.

किती पैसे घेऊन जायचे याचा हिशोब एका आकड्यावर उभा आहे: ९० दिवस. टीव्हीत कामाचे पैसे साधारण तीन महिन्यांनी येतात. जूनमध्ये निवड झाली, जुलैमध्ये शूट, महिनाअखेर बिल, तर पैसे ऑक्टोबरच्या शेवटी. त्यातून १० टक्के टीडीएस कापलेला, तो रिटर्न भरल्यावर हिशोबात मिळतो, म्हणून पॅन आणि बँकखात्यावरचं नाव अक्षरशः सारखं असू द्या. कोऑर्डिनेटरमार्फत, म्हणजे काम मिळवून देणाऱ्या मध्यस्थामार्फत, काम आलं असेल तर साधारण वीस-पंचवीस टक्के त्याचे. म्हणजे पहिल्याच महिन्यात निवड झाली तरी पाच महिने घरभाडं खिशातून जातं. आणि पहिल्याच महिन्यात निवड होत नसते. मधल्या काळात सुरतेचे कॅटलॉग सोडू नका. मुंबई-सुरत अंतर एका सकाळचं आहे.

कोऑर्डिनेटर पैसे घेतो ते कामातून, कामाआधी नाही. ऑडिशनला फी नसते. ‘आर्टिस्ट कार्ड काढावं लागेल’, ‘आमच्याच फोटोग्राफरकडून पोर्टफोलिओ करा’, ‘डिपॉझिट भरा, शूटनंतर परत’ ही तिन्ही वाक्यं ऐकली की उठायचं. कलाकारांची खरी संघटना सिंटा (सिने अँड टीव्ही आर्टिस्ट्स असोसिएशन) आहे आणि तिचं सदस्यत्व तिच्याच कार्यालयातून मिळतं, कॅफेत बसलेल्या माणसाकडून नाही. रात्रीची, हॉटेलच्या खोलीतली मीटिंग ही मीटिंगच नव्हे.

करारात दोन गोष्टी वाचा. जाहिरातीत फोटो किती काळ, कुठल्या माध्यमात आणि कुठल्या प्रदेशात वापरणार हे लिहिलेलं हवं. ‘कायमस्वरूपी’ असा शब्द असेल तर पाच वर्षांनी तुमचाच जुना चेहरा प्रतिस्पर्धी ब्रँडचं काम अडवू शकतो. मालिकेच्या करारात एक्सक्लुझिव्हिटी, म्हणजे फक्त त्यांच्यासाठीच काम करण्याची अट, बघा: महिन्याला किती दिवसांची हमी आहे आणि उरलेल्या दिवशी बाहेर काम करता येईल का.

गर्दीत उभं राहण्याबद्दल नेहमी विचारलं जातं. सेट कसा चालतो हे बघायला ज्युनिअर आर्टिस्ट म्हणून एखादा दिवस हरकत नाही, पण कॅमेऱ्याकडे पाठ ठेवून. लग्नाच्या सीनमध्ये चेहरा ठळक दिसला तर त्याच मालिकेत पुढे भूमिका मिळणं अवघड; प्रेक्षकाला ती पाहुणी आठवते आणि क्रिएटिव्हवाल्यांनाही.

टेस्ट पाठवल्यावर ‘मिळाली का?’ एवढंच एकदा विचारा. उत्तर आलं नाही तर उत्तर ‘नाही’ आहे, आणि तेही बहुतेक वेळा उंचीमुळे किंवा ज्याची बहीण व्हायचं त्याच्याशी नाक न जुळल्यामुळे. होल्डवर, म्हणजे विचाराधीन, ठेवलं म्हणजे लॉक, म्हणजे निवड पक्की, केलं असं नाही. होल्डवर तीन-चार जण असतात. लॉकचा फोन येईपर्यंत केस कापू नका, रंगवू नका, आणि गावात पेढे तर अजिबात वाटू नका.