अस्वलाने कानात काय सांगितले

गोष्टींमधल्या प्राण्यांना कामे वाटून दिलेली असतात. सिंहाने राज्य करायचे, कोल्ह्याने फसवायचे, गाढवाने राबायचे आणि सशाने ऐन वेळी शहाणपण दाखवायचे, ही वाटणी सगळ्यांच्या परिचयाची आहे. अस्वलाकडे आलेले काम मात्र जरा जोखमीचे आहे. समोरच्याला तो स्वतः कोण आहे, किंवा त्याच्या शेजारी उभा असलेला कोण आहे, हे अस्वलाने सांगायचे असते.

इसापाच्या नावावर असलेली दोन मित्रांची गोष्ट लहानपणी प्रत्येकाने ऐकलेली असते. एक मित्र सरसर झाडावर चढतो, दुसरा श्वास रोखून मेल्याचे सोंग घेऊन पडतो आणि अस्वल त्याचे कान हुंगून निघून जाते. अस्वलाने कानात काय सांगितले, असे वरच्याने गमतीने विचारल्यावर खालचा म्हणतो, संकटात सोडून जाणाऱ्याशी मैत्री करू नकोस, असे ते म्हणाले. माझ्या भाचीला ही गोष्ट सांगितली, तेव्हा मैत्री राहिली बाजूला आणि तिने पहिला प्रश्न केला तो अस्वल झाडावर का चढले नाही, हा. प्रश्न अगदी रास्त होता. आपल्याकडचे अस्वल मधाच्या पोळ्यासाठी आणि फळांसाठी झाडावर उत्तम चढते. गोष्ट विदर्भात घडली असती, तर पळपुट्या मित्राला फांदीवर बसून खालची गंमत पाहण्याची सवड मिळाली असतीच असे नाही.

अस्वलाच्या या कामाचा सर्वांत देखणा नमुना अर्थातच जांबवंत आहे. सीतेचा पत्ता लागला आहे, समोर शंभर योजने समुद्र पसरला आहे आणि वानरवीर एकेक करून आपापल्या उडीचा हिशेब मांडत आहेत. कुणी दहा योजने म्हणतो, कुणी वीस. वृद्ध जांबवंत सांगतो की तरुणपणी आपण वामनाच्या विराट त्रिविक्रम रूपाला प्रदक्षिणा घातली होती, पण आता नव्वद योजनांपुढे आपली मजल जाणार नाही. वाल्मीकींनी हा नव्वदचा आकडा घालून मोठी मौज केली आहे, कारण दहा योजनांनी कमी पडणे हे अजिबात न जमण्यापेक्षा फार दुखरे असते. तरीही त्या म्हाताऱ्याच्या बोलण्यात कडवटपणा येत नाही. तो वळतो ते एका बाजूला गप्प बसलेल्या हनुमंताकडे, आणि त्याला त्याच्याच जन्माची, सूर्याला फळ समजून घेतलेल्या झेपेची हकीकत ऐकवतो. ऋषींच्या शापामुळे हनुमंताला आपल्या बळाचा विसर पडला होता, असे उत्तरकांडात सांगितले आहे. ज्याच्या अंगात बळ आहे त्याला ते ठाऊक नाही, आणि ज्याला ते ठाऊक आहे त्याचे स्वतःचे बळ ओसरले आहे, अशा दोघांच्या त्या किनाऱ्यावरच्या भेटीतून पुढचे सगळे रामायण घडते. आत्मशोध म्हटला की एकांतातले चिंतन आपल्या डोळ्यांपुढे येते. इथे मात्र तो काम भरपूर आणि वेळ थोडा अशा घाईत, एका म्हाताऱ्या अस्वलाच्या बोलण्याने झालेला आहे.

हाच जांबवंत पुढे स्यमंतक मण्याच्या कथेत भेटतो. गणेश चतुर्थीला चंद्र पाहिला की चोरीचा आळ येतो, हे बजावताना घरोघरी सांगितली जाते ती ही कथा. मणी गळ्यात घालून शिकारीला गेलेल्या प्रसेन नावाच्या यादवाला सिंहाने मारले, सिंहाला जांबवंताने मारले आणि ज्या मण्यापायी द्वारकेत कृष्णावर कुजबुज चालली होती, तो मणी त्याने गुहेत नेऊन आपल्या पोराला खेळायला दिला. अस्वलाच्या बापपणाचा हा तपशील मला त्या सगळ्या कथेत सर्वाधिक आवडतो. पुढे कृष्णाशी त्याची अठ्ठावीस दिवस झुंज चालली, असे भागवत सांगते, आणि तिचा शेवट हरण्या-जिंकण्यापेक्षा ओळख पटण्याने होतो, कारण मुठींचा मार खाता खाता म्हाताऱ्याच्या ध्यानात येते की समोर उभा आहे तो आपला रामच. मग मण्याबरोबर लेक जांबवतीही तो कृष्णाला देतो. आपल्या कौंडिण्यपूरच्या रुक्मिणीची एक सवत अस्वलाची मुलगी होती, ही गोष्ट आम्ही वैदर्भीय मंडळी फारशी बोलून दाखवत नाही, हा भाग वेगळा.

नागपूरहून कन्हान, मनसर, देवलापार करत जबलपूरच्या रस्त्याने निघाले की खवासा ओलांडून सिवनी जिल्हा लागतो. किपलिंगने १८९४ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ‘जंगल बुक’मधले लांडग्यांचे कुटुंब याच सिवनीच्या डोंगरांत वसवले. माणसाचे पोर कळपात घ्यावे की नाही, यावर लांडग्यांची सभा भरते. पोराच्या आईबापांखेरीज दोघांनी त्याच्या बाजूने बोलले पाहिजे, असा नियम असतो आणि पहिला उठतो तो बालू अस्वल. तो लांडगा नसूनही त्याला सभेत बोलता येते, कारण पिल्लांना जंगलचा कायदा शिकवणारा गुरुजी तोच आहे. पुढे तोच मोगलीला जंगलातल्या प्रत्येक जमातीच्या बोलीत ‘तुझे माझे रक्त एक’ असे म्हणायला शिकवतो. म्हणजे किनारा असो की सिवनीची टेकडी, अडलेल्या जागी तोंड उघडायचे ते अस्वलानेच.

प्रत्यक्षातल्या अस्वलाला आपल्या या कीर्तीचा पत्ता नाही. नागपूरला वाघांची राजधानी म्हणतात आणि सफारीला येणाऱ्यांची नजर वाघाखेरीज कशावर ठरत नाही, त्यामुळे अस्वल दिसले तर जिप्सीतली मंडळी ते मध्यंतरासारखे पाहून घेतात. पेंच व्याघ्र प्रकल्पाच्या सिल्लारीकडच्या भागात एका संध्याकाळी आमच्या गाईडने गाडी थांबवून नुसता कान देण्याची खूण केली, तेव्हा उतारावरून जो आवाज आला तो कोरड्या नळाला लावलेल्या टुल्लू पंपाचा असावा तसा होता. अस्वल वारूळ खात होते. त्याला वरचे मधले दोन दात नसतात. बोटभर लांब नखांनी वारूळ उकरायचे, फुंकून माती उडवायची, नाकपुड्या मिटायच्या आणि दातांच्या फटीतून वाळवी ओढून घ्यायची, असा त्याचा जेवणाचा प्रकार आहे. हा आवाज शंभर मीटरवरूनही ऐकू येतो. जेवताना इतका गलका करणाऱ्या प्राण्याला आपल्याकडे कुणी येत आहे हे कळणार कसे? त्यातून नजर अधू. माणूस अगदी जवळ पोचला की ते दचकते, मागच्या पायांवर उभे राहते आणि पुष्कळदा थेट तोंडावर झेप घेते. जंगलातली माणसे वाघापेक्षा अस्वलाला अधिक भितात, ते यामुळे.

शहरातल्या माणसाला मात्र ही भीती विकत घेतलेल्या धिटाईने घालवायची होती. नागपूरच्या महाल भागातल्या गल्ल्यांमधून पूर्वी दरवेशी अस्वल घेऊन फिरत आणि भित्र्या पोराला त्याच्या पाठीवर बसवले की ते निडर होते, असे आयाबाया मानत. अस्वलाचा केस उपटून ताईतात घालून मिळे, त्याचे पैसे वेगळे. ज्याच्या नाकपुडीतून दोर ओवलेला आहे त्याच्या पाठीवर बसून कुणाची छाती वाढली असेल, याची मला शंकाच आहे. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतरही हा खेळ कित्येक वर्षे चालू होता. आता तो बंद झाला, हे फार बरे झाले. खरे पाहता अस्वलाच्या पाठीवर बसण्याचा अधिकार फक्त त्याच्या पिल्लांचा आहे. आई त्यांना काही महिने पाठीवर घेऊन रानभर हिंडते आणि ती तिच्या लांब केसांत मुठी रुतवून बसतात.

सीताबर्डीच्या फुटपाथवर मिळणारे कापसाचे अस्वल हा आणखी निराळा प्रकार. १९०२ साली अमेरिकेचे अध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट यांनी बांधून ठेवलेल्या अस्वलावर गोळी झाडायला नकार दिला, त्यावर व्यंगचित्र निघाले आणि त्यावरून ही बाहुली जन्मली. ती बोलत नाही. तिच्या कानात पोरेच बोलतात.

जंगलातल्या अस्वलाच्या बाबतीतही रीत हीच आहे. मार्च-एप्रिलमध्ये पहाटे मोहाच्या झाडाखाली फुलांचा सडा पडतो आणि तो वेचायला टोपल्या घेऊन निघालेल्या बायका व रात्रभराची भूक घेऊन निघालेले अस्वल एकाच वेळी एकाच झाडाकडे येतात. अशा वेळी एकटीने जायचे नाही आणि गप्प राहायचे नाही, म्हणजे अस्वलाला आधीच चाहूल लागते, हे तिथे पोरीबाळींनाही ठाऊक असते. देवलापारकडच्या एका बाईंना मी विचारले, की अंधारात इतक्या मोठ्याने तुम्ही बोलता तरी काय?

“काय म्हंजे? घरचंच बोलतो जी,” त्या म्हणाल्या. “सुनेचं गाऱ्हानं येवढ्या मोठ्यानं दुसरं कुठं करता येते?”

त्यांची सूनही मोह वेचायला येते, पण दुसऱ्या झाडाखाली, आणि तिचाही आवाज चांगला खणखणीत आहे.