मांजराआडचा माणूस

२९ जुलै, रात्र

आज ख्रिस मार्करचा जन्मदिवस आणि स्मृतिदिनही. १९२१ साली जन्मलेला हा फ्रेंच चित्रपटकार २०१२ मध्ये नेमका आपल्या एक्क्याण्णवाव्या वाढदिवशी पॅरिसमध्ये वारला. मूळ नाव क्रिस्तियाँ बूश-विलनव्ह. जगभर हिंडायचे असल्यामुळे बहुतेक भाषांत उच्चारता येईल असे नाव आपण घेतले, असे त्याने एका मुलाखतीत सांगितले होते. छायाचित्र मागणाऱ्यांना तो स्वतःऐवजी गियोम नावाच्या मांजराचे चित्र पाठवीत असे.

टोपणनावाचे आपल्याला काही अप्रूप नाही. परंतु कुसुमाग्रजांचे खरे नाव आणि नाशिकचे घर सगळ्या महाराष्ट्राला ठाऊक होते. त्या नावाआड कोणी लपलेले नव्हते. मार्कर मात्र खरोखरच लपत असे, आणि तेही एका नावाने भागत नसे. आज पुन्हा पाहिलेल्या त्याच्या ‘सां सोलेय’ (१९८३) या चित्रपटात सांदोर क्रास्ना नावाच्या कॅमेरामनची पत्रे एक स्त्री वाचून दाखवते. हा क्रास्ना काल्पनिक आहे, संगीतकार म्हणून ज्याचे नाव येते तो मिशेल क्रास्नाही काल्पनिक, आणि यंत्रावर दृश्यांचे रंग बदलून टाकणारा जपानी मित्र हायाओ यामानेकोदेखील तसाच. तिघांच्या मागे मार्कर एकटाच आहे.

याच चित्रपटात पश्चिम आफ्रिकेतील बिसाऊ आणि केप व्हर्दच्या बाजारांतील स्त्रिया आहेत. त्यांतली एक आपल्याकडे पाहिले जात आहे हे ओळखते, नजर चुकवते, पुन्हा जराशी तिरकी पाहते आणि अखेरीस थेट कॅमेऱ्यात बघते. ही खरी नजर सेकंदाचा चोविसावा भाग, म्हणजे फिल्मची एकच चौकट, टिकली, असे पत्रलेखक नोंदवतो. कॅमेऱ्याकडे पाहू नका असे लोकांना सांगण्याच्या शिकवणुकीची तो थट्टाही करतो. पूर्वी हा प्रसंग मला निव्वळ सुंदर वाटत असे. आज मात्र मी त्याच्याशी मनातल्या मनात भांडले. अनोळखी बाईच्या एका नजरेसाठी इतका वेळ ताटकळणाऱ्या माणसाने तिला बदल्यात काय दिले? आपला चेहरा नाही, नावही नाही. मांजराच्या त्या लोभस खोडसाळपणाचे कौतुक मी आजवर जरा जास्तच केले असावे.

तरीही त्याचाच ‘ला जेते’ (१९६२) आठवला आणि माझा राग निम्मा ओसरला. अठ्ठावीस मिनिटांचा हा चित्रपट जवळजवळ संपूर्णपणे स्थिरचित्रांचा आहे. चित्रे पेंटॅक्स कॅमेऱ्याने घेतलेली. चलच्चित्राचा कॅमेरा त्याने उसना आणला होता, तोही तासाभरासाठी. त्या तासातून चित्रपटात जे आले ते एवढेच, की झोपलेली स्त्री डोळे उघडते आणि आपल्याकडे पाहते. म्हणजे हाती आलेला एकमेव तास त्याने दुसऱ्याच्या नजरेवर खर्च केला होता.

तोक्योच्या शिंजुकू भागात याच चित्रपटाचे नाव घेतलेला एक लहानसा बार आहे. जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्सने आपल्या ‘टोकियो-गा’ (१९८५) या चित्रपटात मार्करला तिथे टिपले आहे. तो कागदाआड तोंड लपवतो, आणि क्षणभर कागदाच्या कडेवरून त्याचा एक डोळा आपल्याकडे पाहतो.