एका नावाची माणसं आणि त्यांचे पंखे

माझं नाव इथे सांगून काही उपयोग नाही, कारण सांगितलं तरी मी नेमका कोण ते कळणार नाही. देवाचं नाव आहे, आडनाव असं की आमच्या गल्लीतच चार घरं त्याची, आणि सोलापुरात एखाद्या पोस्टमननं नुसत्या नावावर पत्र पोचवायचं ठरवलं तर तो रिटायर होईल पण पत्र पोचणार नाही. आता यात आमच्या गावाचा पण हात आहे बघा. ग्रामदैवत सिद्धेश्वर, त्यामुळं सिद्धेश्वर, सिद्धाराम, सिद्राम घरोघरी, मल्लिकार्जुन आणि रेवणसिद्ध पण काही कमी नाहीत, पूर्व भागात गेलात की श्रीनिवास, व्यंकटेश, अंबादास, नरसय्या, आणि वर आजोबांचं नाव नातवाला ठेवायची हौस, ती तर मराठी, कन्नड, तेलुगू सगळ्यांनाच. मग होतं काय, विष्णू रामचंद्र, त्याचा मुलगा रामचंद्र विष्णू, आणि नातू परत विष्णू रामचंद्र. नाव, वडिलांचं नाव, आडनाव, तिन्ही टॅली, फरक फक्त पन्नास-साठ वर्षांचा. अशी जोडी एकाच सातबाऱ्यावर आली की तलाठी भाऊसाहेब पण पेन खाली ठेवतात.

तर आपल्याच नावाची बाकीची माणसं कोण कोण आहेत हे बघायचा मला नाद लागला. मतदार यादी उघडली की त्यात नाव, वडिलांचं नाहीतर नवऱ्याचं नाव, घर नंबर, वय, एवढं दिसतंच. सातबारा ऑनलाइन झाल्यापासून तिथेही नावानं शोधता येतं, गाव निवडायचं, आडनाव टाकायचं, की आली यादी. माझ्या नावाचा एक जण बागायतदार निघाला, एकाच्या जमिनीवर सोसायटीचा बोजा, एकाचं वय माझ्या वडिलांएवढं, एक एवढा लहान की पहिल्यांदाच मतदान करणार. ही सगळी माणसं मी कधी बघितली नाहीत पण त्यांच्याबद्दल एक विचित्र जवळीक वाटते, आणि बोजावाल्याबद्दल जरा जास्तच, कारण त्याचं पुढं काय झालं हे मला घरबसल्या कळलं.

म्हणजे झालं असं की एका पतसंस्थेची नोटीस आमच्या दारात आली. कर्जाला जामीनदार म्हणून. मी तर त्या पतसंस्थेची पायरी कधी चढलो नाही. वसुलीवाले पण आले मागनं, दोघं जण, एकाच गाडीवर.

"तुम्हीच ना ओ ते?"

"नाव तेच आहे, माणूस मी नाही."

"सगळे असंच म्हणतात ओ."

आता याला काय उत्तर देणार. आधार दाखवलं, पॅन दाखवलं. पॅनची गंमत बघा, त्या दहा अक्षर-आकड्यांत चौथं अक्षर माणूस का कंपनी ते सांगतं आणि पाचवं आपल्या आडनावाचं पहिलं अक्षर असतं, म्हणजे आडनावबंधूंचं तिथंही दोन अक्षरांपर्यंत जमतंच, पुढचे आकडे आले तेव्हा कुठं आम्ही वेगळे झालो. वसुलीवाल्यांनी फोटो काढून घेतला, चहा घेतला, आणि "वरती कळवतो" म्हणून गेले. आता 1 मे 2024 पासून जन्मलेल्या पोरांच्या सरकारी कागदावर नाव, मग आईचं नाव, मग वडिलांचं, मग आडनाव असा क्रम आलाय, तो मला फार आवडला. आयांना मान मिळाला हे तर आहेच, पण पुढच्या पिढीतल्या जामीनदारांची पण सोय झाली.

असो. नाद वाढत वाढत पेटंटपर्यंत गेला. पेटंटचे कागद जगभर सगळ्यांना खुले असतात, तोच तर व्यवहार आहे, तुम्ही शोध नीट उलगडून लिहा, सरकार तुम्हाला 20 वर्षं हक्क देतं. तिथं नावाच्या रकान्यात माझं नाव टाकलं आणि सुरुवातीला वाटलं काही येणार नाही, आमच्या नावाचा माणूस शोधून शोधून काय शोधणार. तर पानंच्या पानं! पुण्याचे, बेंगळुरूचे, दोन-तीन अमेरिकेतले. औषधवाले होते, गाड्यांचे होते, पण बरेचसे एकाच धंद्यातले, कॉम्प्युटर थंड ठेवायचा. कुणाचं हीटसिंकच्या, म्हणजे चिपची उष्णता ओढून बाहेर टाकणाऱ्या धातूच्या ठोकळ्याच्या, पात्यांच्या आकाराबद्दल, कुणाचं सर्व्हरच्या कपाटात पाणी फिरवायचं, कुणाचं फॅन कधी जोरात फिरवायचा ते ठरवायचं. आणि मी इकडं मे महिन्यात त्रेचाळीस डिग्रीत, कूलरमध्ये पाणी भरत. नाव एक असून माणसाचं नशीब किती वेगळं असतं बघा.

माझं काम अक्कलकोट रोड एमआयडीसीतल्या एका टॉवेल कारखान्यात हिशोबाचं आहे, त्यामुळं हीटसिंक म्हणजे काय हे मला साधारण ठाऊक होतं, नव्या मागांच्या पॅनेलमध्ये ते ॲल्युमिनियमचे पात्या-पात्यांचे ठोकळे असतात ना, ते. पण या नावबंधूंच्या नादानं मी जे वाचत सुटलो त्याला काही हिशोब नाही. चिपला दिलेली वीज शेवटी जवळजवळ सगळीच्या सगळी उष्णता होऊन बाहेर पडते, आणि ती पडते नखाएवढ्या जागेतनं. 1981 मध्ये स्टॅनफर्डच्या टकरमन आणि पीज या दोघांनी सिलिकॉनमध्येच केसासारख्या बारीक चऱ्या पाडून त्यातनं पाणी सोडलं आणि एका चौरस सेंटीमीटरमधून 790 वॅट उष्णता काढून दाखवली. 790 वॅट म्हणजे साधारण एक इस्त्री. नखावर इस्त्री. क्रे-2 नावाचा 1985 चा सुपरकॉम्प्युटर तर अख्खाच्या अख्खा एका द्रवात बुडवून ठेवलेला असायचा, वीज न वाहणाऱ्या द्रवात, आणि लोक काचेतनं बघायचे.

मला सगळ्यात आवडलं ते मात्र त्या राखाडी पेस्टचं प्रकरण. चिप आणि हीटसिंक दोन्ही कितीही गुळगुळीत दिसले तरी मधे बारीक फटी राहतात आणि त्यात हवा बसते. तांब्याची उष्णता वाहायची ताकद 400 धरली, ॲल्युमिनियमची 237, तर हवेची 0.026. म्हणजे एवढा महाग तांब्याचा ठोकळा आणून बसवला आणि मधे हवेचा पापुद्रा राहिला तर सगळं मुसळ केरात. ती हवा हाकलायची म्हणून पेस्ट, आणि ती पण पातळ, कारण पेस्ट हवेपेक्षा बरी असली तरी धातूपुढं काहीच नाही. आमच्या नावाच्या एकानं फक्त या पेस्टच्या जाडीवर पेटंट काढलंय. फक्त जाडीवर! मी ते शेवटपर्यंत वाचलं. निम्मं कळलं नाही, पण वाचलं.

पेटंटच्या पहिल्या पानावर कंसात नंबर असतात. 71 समोर अर्जदार, 72 समोर संशोधक, 73 समोर मालक. आमच्या लोकांचं नाव नेहमी 72 समोर, आणि 71 नाहीतर 73 समोर कुठलीतरी मोठी कंपनी. म्हणजे डोकं यांचं, हक्क कंपनीचा, नोकरीला लागतानाच तसा करार झालेला असतो, त्यात चोरी-बिरी काही नाही. कंपनी बोनस देत असेल, एखादी पाटी देत असेल. पण कागदावर त्या माणसाचं म्हणून जे उरतं ते फक्त नाव, आणि ते नाव पण त्याच्या एकट्याचं नाही, माझं आहे, बागायतदाराचं आहे, बोजावाल्याचं आहे. मला हे जरा लागलं खरं. आणि दुसऱ्या बाजूनं बघितलं तर सातबारा, मतदार यादी, नोटीस, हे सगळे कागद विचारतात तू कुणाचा, कुठला, किती देणं लागतोस. पेटंट एकच असं की ते विचारतं, तू जे केलंस त्यात नवीन काय. सरकारी कागदानं माणसाला इतका मानाचा प्रश्न दुसरीकडं कुठं विचारलाय?

नावांचा घोळ हा काय आपलाच आहे असं नाही. पर्किन्स म्हणून एक घराणं होतं, जेकब पर्किन्स अमेरिकेतनं लंडनला आलेला, त्यानं 1834 मध्ये फ्रिजच्या तत्त्वावरचं पेटंट घेतलं. त्याचा मुलगा अँगियर मार्च पर्किन्स, त्याचा मुलगा लॉफ्टस पर्किन्स. तिघंही पाणी, वाफ आणि नळ्या यातलेच. दोन्ही टोकं बंद केलेली नळी, आत थोडं पाणी, एका टोकाला तापवलं की वाफ दुसऱ्या टोकाला जाऊन उष्णता सोडते आणि पाणी होऊन परत खाली येते, या नळीला पर्किन्स ट्यूब म्हणतात आणि ब्रेडच्या भट्ट्या तिच्यावर चालायच्या. आता पर्किन्स ट्यूब म्हणजे आजोबांची, का मुलाची, का नातवाची? आपल्याकडचं असतं तर लॉफ्टस अँगियर, अँगियर जेकब असं लिहून मोकळे झालो असतो.

त्याच नळीची पुढची पिढी म्हणजे हीट पाइप, आपल्या लॅपटॉपमध्ये चपटी तांब्याची पट्टी दिसते ती. तिच्यात आतनं जाळीचं अस्तर असतं, दिव्याच्या वातीत तेल चढतं तसं पाणी त्यातनं आपोआप गरम टोकाकडं परत येतं, त्यामुळं नळी आडवी ठेवा नाहीतर उलटी, काम चालू राहतं. तर तिचं उलटं झालं. जनरल मोटर्सच्या गॉगलरनं 1942 मध्ये फ्रिजसाठी अर्ज केला, 1944 मध्ये पेटंट मिळालं, आणि कुणी ढुंकूनही बघितलं नाही. मग 1963 मध्ये अमेरिकेतल्या लॉस अलामॉस प्रयोगशाळेच्या ग्रोव्हरनं स्वतःच्या डोक्यानं तीच गोष्ट परत बनवली, तिला हीट पाइप नाव दिलं, आणि चालली. एका नावाची अनेक माणसं मी शोधत बसलो होतो, इथं एका वस्तूला दोन बाप निघाले.

पण एक सांगू का, या सगळ्या थंड करणाऱ्यांवर माझा एक आक्षेप आहे. बरेच आकडे हे लोक 25 डिग्री धरून देतात. बाहेर 25, चिपला सोसतं समजा 100, मधे 75 चा फरक, त्या फरकावर उष्णता वाहते. सोलापुरात मे महिन्यात बाहेर 43, फरक राहिला 57. म्हणजे तोच ठोकळा इथं आणला की पाऊण कामच करतो. पॅनेलमधल्या ड्राइव्हच्या, म्हणजे मागाच्या मोटरचा वेग सांभाळणाऱ्या यंत्राच्या, पुस्तकात बहुतेक वेळा लिहिलेलं पण असतं की 40 च्या वर गेलात तर लोड कमी करा, पण आमच्या इथं सीझनला लोड कमी कर म्हणून मालकाला कोण सांगणार? आमच्या नावाचा एखादा जण एकदा तरी मे मध्ये गावाकडं येऊन पत्र्याच्या शेडमध्ये दुपारी तीनला उभा राहायला पाहिजे, मग बघू कसली पाती काढतो ते.

पेटंटला दर काही वर्षांनी फी भरावी लागते, कंपनीला वाटलं यात काही राम नाही की ती फी भरायची सोडते, आणि मग तो शोध सगळ्यांना मोकळा. अशीच मोकळी झालेली एक गोष्ट मला सापडली. माझ्याच नावाची. मशीन चालू होताना पंखा थोडा वेळ उलटा फिरवायचा, म्हणजे पात्यांमध्ये अडकलेली धूळ बाहेर फेकली जाते, मग सरळ फिरवायचा. साधं, आणि फुकट. मी ते चित्रं-बित्रं सगळं प्रिंट काढून आमच्या इलेक्ट्रिशियनला दाखवायला नेलं. तो तेव्हा मागाच्या पॅनेलसमोर बसून हीटसिंकमधनं सुताची धूळ ब्रशनं उकरत होता, पात्यांच्या मधे पार नमद्यासारखी घट्ट बसलेली.

चित्र त्यानं नीट बघितलं. मग पहिल्या पानावरच्या नावावर बोट ठेवलं.

"अण्णा, हे तुम्ही केलंय?"

"अरे नाही बे, नाव सेम आहे फक्त."

"तरीच," तो म्हणाला. "याला टॉवेलचं सूत माहीत नाही. ही धूळ कोरडी नसते, सुताला कांजी असते, ती चिकटते. पंखा उलटा फिरवला तर जी आत आहे ती तिथंच राहणार आणि जी शेडमध्ये आहे ती दुसऱ्या बाजूनं पण येणार."

"मग काय करायचं?"

"पॅनेलला फिल्टर लावा, आठवड्याला बदला. मालकांना सांगा, तुमचं ऐकतात ते."

मालकांना सांगितलं. त्यांनी फिल्टरचं कोटेशन मागवलंय, माझ्याच नावावर.