तुम्ही विचारलेत म्हणून : देहलीमताची पोथी कुठे मिळेल?

‘परस्परविरोधी दोन्ही विधाने खरी मानणारे ते देहलीमत कोणत्या काळातले, आणि त्याची पोथी कुठे पाहायला मिळेल?’ हा प्रश्न मला माजी विद्यार्थ्यांनी, त्यांच्या पालकांनी आणि एकदा लग्नाच्या पंगतीत शेजारी बसलेल्या गृहस्थांनीही विचारला आहे. उत्तर आधीच स्पष्ट देतो. असे मत कधीही नव्हते आणि त्याची पोथीही नाही. नागपुरातल्या एका महाविद्यालयात तर्कशास्त्र शिकवत असताना वर्गासाठी मी ते रचले. वर्गात हे मी दरवर्षी सांगत असे. पण टिपणे हातोहात फिरली तेव्हा नेमके तेवढेच वाक्य मागे राहिले, याची मला मनापासून खंत आहे.

त्याचे मूळ रामटेकचे. नागपूरहून सुमारे ५० किलोमीटरवरच्या त्या गडावर केवल नरसिंह आणि रुद्र नरसिंह अशी दोन वाकाटककालीन देवळे आहेत. विद्यार्थ्यांना घेऊन तिथे गेलो असता हिरण्यकशिपूच्या वराची गोष्ट निघाली : मरण घरात नको, बाहेर नको, दिवसा नको, रात्री नको, माणसाच्या हातून नको, पशूच्या हातून नको. एका विद्यार्थिनीने विचारले, ‘सर, मग उंबरठा आत आणि बाहेर दोन्ही आहे, की दोन्हीही नाही?’ गड उतरून होईपर्यंत मला उत्तर सुचले नाही. घरी आल्यावर देहलीदीपन्याय आठवला. देहली म्हणजे उंबरठा. तिथे ठेवलेला दिवा घरातही उजेड देतो आणि अंगणातही. मताला नाव मिळाले ते त्यावरून.

आपल्याकडे खरी दर्शने असताना नवे कशाला, असेही विचारतात. कोणतेही विधान एका विशिष्ट दृष्टीनेच खरे असते असे सांगणारा जैनांचा स्याद्वाद आहे, बौद्ध तत्त्वज्ञ नागार्जुनाची चतुष्कोटी, म्हणजे ‘आहे, नाही, दोन्ही, दोन्हीही नाही’ या चार पर्यायांचा विचार आहे, आणि मी दोन्ही शिकवलीही. पण एकाच वस्तूत शीत आणि उष्ण एकाच वेळी कसे राहतील, हा शंकराचार्यांचा ब्रह्मसूत्रभाष्यातला आक्षेप मांडला की जैन घरातली मुले गप्प होत; आणि दीक्षाभूमीच्या या शहरात नागार्जुनावर घाव घालायला सांगणे अनेकांना जड जाई. ते मला अगदी समजण्यासारखे वाटे. ज्या मताचा कोणीच वारस नाही, त्याच्यावर मात्र सगळ्यांना मोकळेपणाने तुटून पडता येते.

देहलीमताचा पहिला नियम असा, की विरोध मान्य करण्यापूर्वी तो फोडण्याचा प्रामाणिक प्रयत्न करावा. ‘नागपूर राजधानी आहे आणि नाही’ हे विधान घ्या. १९५३च्या नागपूर करारामुळे विधिमंडळाचे एक अधिवेशन इथे भरते आणि एरवी कारभार मुंबईहून चालतो, एवढे सांगितले की विरोध विरघळतो, कारण काळ आणि अर्थ वेगळे निघतात. खरे पाहता स्याद्वादही हेच करतो. ‘स्यात्’ म्हणजे एका अपेक्षेने, एका दृष्टीने, आणि अपेक्षा वेगळी झाली की विरोध उरत नाही. म्हणून स्याद्वादाला ‘काहीही चालते’ असे म्हणणाऱ्यांशी मी आजही वाद घालतो. काटोलकडच्या संत्र्याच्या बागायतदाराचा एक मुलगा म्हणाला होता, ‘सर, बाग विकावी असेही वाटते आणि विकू नये असेही, हा उंबरठा नाही का?’ नाही. त्याच्या मनात दोन इच्छा होत्या आणि दोन्ही इच्छा असणे हे एकच, सरळ सत्य होते. तो बराच वेळ बोलला नाही. त्याला न्यायनिवाड्यापेक्षा सोबत हवी होती हे मला तेव्हा उमजले, आणि तास संपल्यावर आम्ही नुसते बागेविषयी बोलत बसलो.

दुसरा नियम अधिक कठीण आहे. रूढ तर्कशास्त्रात एक विरोध मान्य केला की त्यातून वाटेल ते सिद्ध करता येते. पाऊस पडतो आहे आणि पडत नाही, दोन्ही खरे धरा. पाऊस पडतो आहे हे खरे असल्यामुळे ‘पाऊस पडतो आहे किंवा नागपूरला समुद्र आहे’ हेही खरे ठरते. आता पाऊस पडत नाही म्हणून पहिला पर्याय बाद करा, उरतो समुद्र. चूक शोधायला मी विद्यार्थ्यांना आठवडा देत असे. चूक ‘बाद करा’ या पायरीत आहे. पाऊस पडत नाही हे खरे असले, तरी पडतो हेही खरेच मानलेले आहे, मग तो पर्याय बाद कसा होईल? ही वाट माझी नव्हे; ग्रॅहम प्रीस्ट या तत्त्वज्ञाने १९७९ साली अशा तर्कशास्त्राची रीतसर मांडणी केली. उंबरठ्यावर उभे राहणाऱ्याला एरवी सहज वापरली जाणारी अनुमानाची पायरी सोडून द्यावी लागते, आणि ही किंमत मोठी आहे. ज्यांना देहलीमत सोयीचे वाटते, त्यांनी हा भाग वाचलेला नसतो.

इतक्या वर्षांत मुलांनी शेकडो वाक्ये आणली आणि पहिल्या नियमापुढे जवळपास सगळी गळाली. ‘हे वाक्य खोटे आहे’ हे एक मात्र राहिले. खरे मानले तर ते खोटे ठरते आणि खोटे मानले तर खरे. त्यात काळ वेगळा काढता येत नाही, अपेक्षाही नाही. भाषेच्या पायऱ्या पाडून, म्हणजे एका पायरीवरच्या वाक्यांच्या खरेखोटेपणाविषयी वरच्या पायरीवरूनच बोलायचे असे ठरवून, ते बाहेर ठेवण्याचा तर्कशास्त्रज्ञ तार्स्कीचा मार्ग मी शिकवला, पण आपण रोज बोलतो ती मराठी अशी पायऱ्यांत बसत नाही, असे माझे मत आहे.

पंगतीतले ते गृहस्थ शेवटी म्हणाले, ‘तुमच्याच मताप्रमाणे देहलीमत आहेही आणि नाहीही, असेच ना?’ मी त्यांना पहिला नियम लावून दाखवला. इतिहासात ते नाही. माझ्या वहीत आहे. इथे विरोध मुळी नाहीच.